कोबीचं पाणी, पोर्कची चरबी: ओव्हनमधल्या नोंदी

मंडळी, पावसाळ्यात हाती घेतलेलं पोर्क-कोबीचं काम आता बऱ्यापैकी बसलं आहे, म्हणून वहीतल्या नोंदी एकत्र करून टाकते आहे. एकच ट्रे, खाली कोबी, वर पोर्कचा अख्खा तुकडा आणि ओव्हनमध्ये साधारण तीन तास. सामान इतकं थोडं की प्रत्येक गोष्ट चवीत कळते. मीठ कमी पडलं तर सावरून घ्यायला मसाला नाही, मांस चिवट राहिलं तर बुडवायला रस्सा नाही.

आमच्याकडे वसईत पोर्क म्हटलं की इंद्याल नाहीतर सोरपोतेल. सिरका, लाल मिरची, लसूण, आणि मंद आचेवर रटरटत ठेवलेलं पातेलं. त्या चवीवर वाढलेल्या जिभेला फक्त मीठ, लसूण आणि कॅरावे (जिऱ्यासारखं दिसणारं सुवासिक बी) लावून भाजलेलं मांस सुरुवातीला फार मवाळ वाटतं. दोन-चार घास पोटात गेल्यावर मात्र मांसाची स्वतःची गोडी कळायला लागते, आणि तीच मला या पदार्थात हवी आहे. समोर साचा ठेवलाय तो चेक लोकांच्या रविवारच्या जेवणाचा. त्यांच्याकडे कॅरावे-लसूण लावून भाजलेलं पोर्क, आंबटगोड कोबी आणि पिठाच्या वाफवलेल्या गोळ्याच्या चकत्या असं ताट असतं. त्याला ते वेप्रो-क्नेडलो-झेलो म्हणतात. फ्रान्सच्या आल्सास भागात आंबवलेल्या कोबीवर पोर्क आणि सॉसेज रचून पांढऱ्या वाइनमध्ये शिजवतात. थंड मुलखात ही जोडी जमली यात नवल नाही. कोबी हिवाळ्याच्या तोंडावर भरपूर येतो, मिठात आंबवला की थंडीभर टिकतो, आणि घरचं डुक्कर मारायचे दिवसही थंडीचेच. गोळ्यांच्या वाटेला मी गेलेले नाही. ट्रेतला रस टिपायला तांदळाची भाकरी फार चांगली.

तुकडा

शोल्डर, म्हणजे पुढच्या पायावरचा खांद्याचा भाग, तोच घ्या. चॉपचं मांस कमी चरबीचं, ते आतून ७० अंशांच्या वर गेलं की कोरडं पडायला लागतं. शोल्डरमध्ये स्नायूंच्या मधून चिवट पांढरे पडदे गेलेले असतात. ते कोलॅजन. मांस बराच वेळ ८०-९० अंशांवर राहिलं की त्याचं हळूहळू जिलेटिन होतं, आणि तोच मऊ, ओठांना किंचित चिकटणारा रस आपल्याला हवा असतो. पोर्क ६३ अंशांना खाण्यालायक होतं हे बरोबर आहे, पण शोल्डर त्या तापमानाला दाताखाली रबरासारखं लागतं. मी ९० ते ९३ अंशांपर्यंत नेते. मांसात खुपसायचा साधा थर्मामीटर घेतल्यापासून घड्याळाकडे बघणं जवळजवळ थांबलं आहे.

दुकानात सांगावं मात्र लागतं. "ताई, इंद्यालचे तुकडे ना?" असं विचारता विचारताच सुरा चाललेला असतो. "नाही दादा, शोल्डरचा अख्खा तुकडा द्या, हाडासकट, सव्वा किलोच्या आसपास," असं आधीच सांगायचं. वर बोटाच्या पेराएवढी चरबी राहू द्यायची. कातडी असेल तर काढून घ्यायची. त्याचं कारण पुढे येईल.

मीठ आदल्या रात्री. वजनाच्या दीड टक्का, म्हणजे सव्वा किलोच्या तुकड्याला १८-१९ ग्रॅम. मीठ आधी पृष्ठभागावर पाणी ओढतं, त्यात विरघळतं आणि मग ते खारं पाणी परत आत मुरतं. याला काही तास लागतात, म्हणून फ्रिजमध्ये झाकण न ठेवता रात्रभर. सकाळी पृष्ठभाग हाताला कोरडा लागतो आणि पुढे रंग लवकर धरतो. लसूण ठेचून आणि कॅरावे भरडून ओव्हनमध्ये ठेवण्याआधीच लावायचे. कॅरावे दीड चमचा पुरे, त्याहून जास्त झाला तर दुसरी चवच लागत नाही. मिरी थोडी. बस.

कोबी

सगळ्यात जास्त शिकायला मिळालं ते इथे. कोबीत वजनाच्या ९० टक्क्यांहून जास्त पाणी असतं. किलोभर कोबी ट्रेमध्ये घातला म्हणजे नऊशे ग्रॅमच्या वर पाणी आत गेलं. ते कधी सुटतं आणि कधी उडतं, यावर जेवण कसं होणार ते ठरतं.

पावसाळ्यातल्या नोंदी बारीक चिरलेल्या कोबीच्या आहेत. बारीक चिरला की सगळं पाणी पहिल्या तासातच सुटतं. मांस त्या पाण्यावर छान वाफवलं जातं, पण कोबी उकडलेला होतो. शिवाय पाण्यात खूप वेळ उकळणाऱ्या कोबीतून गंधकाचा जड वास सुटतो, घरभर पसरतो आणि जेवताना ताटावरही राहतो. पावसाळी गड्डे तसेही सैल आणि पाणचट असतात.

मग जाड फोडी केल्या. एका गड्ड्याच्या सहा, प्रत्येक फोडीला मधल्या दांड्याचा भाग राहील अशा. दांडा पानांना धरून ठेवतो, त्यामुळे तीन तासांनंतरही फोड चमच्याने अख्खी उचलता येते. पाणी सावकाश सुटतं. मांसाबाहेर डोकावणाऱ्या कडा शेवटच्या तासात तांबूस होतात, मांसाखालच्या पानांच्या थरांत चरबी उतरते. एकाच फोडीत दोन चवी मिळतात आणि मला तरी यापुढे दुसरी रीत नको.

दिवाळीनंतर बाजारात लहान, घट्ट, हाताला जड लागणारे गड्डे यायला लागले आणि चवीत मोठा फरक पडला. थंडीतला कोबी गोड असतो. तेव्हापासून चिमूटभर गूळ घालत होते तोही बंद केला. सहाशे-सातशे ग्रॅमचे दोन गड्डे एका तुकड्याला बरोबर पुरतात. मोठा गड्डा आणून अर्धा वापरण्यापेक्षा दोन लहान केव्हाही बरे, दांडे दोन मिळतात.

सिरका शेवटी घालायचा, आणि हे आवर्जून सांगते. आंबट पदार्थ भाजीला मऊ होऊ देत नाही. पेशींना जोडून ठेवणारं पेक्टिन आम्लात लवकर सुटत नाही. सुरुवातीलाच सिरका घातला तर दोन तासांनीही दांड्याजवळचा भाग कचकचीत राहतो. मी बाहेर काढायच्या दहा मिनिटं आधी दोन चमचे माडाचा सिरका कोबीवर फिरवते. दुसरं कारण भांड्याचं. जर्मनच्या (अ‍ॅल्युमिनियमच्या) ट्रेवर किंवा फॉइलवर आंबट आणि खारट मिळून तासन् तास राहिलं तर धातूला बारीक खड्डे पडतात आणि तो अंश अन्नात उतरतो. माझा ट्रे स्टीलचा आहे. ज्यांच्याकडे जर्मनचा आहे त्यांनी तळाला बटर पेपर घालावा.

"कोबीतला किडा"

हा पदार्थ करते म्हटलं की घरात कोणीतरी हा विषय काढतंच. पोर्कबद्दलही भीती, कोबीबद्दलही भीती, आणि इथे दोन्ही एकाच ट्रेमध्ये. माझी सासू बरीच वर्षं कोबी चिरताना एकेक पान उजेडात धरून बघायची, आणि तिच्या काळजीला आधार नक्की आहे. फक्त साखळी नीट समजून घ्यायला हवी.

टीनिया सोलियम नावाचा पट्टकृमी आहे. बाधित डुकराचं मांस कच्चं राहून माणसाच्या पोटात गेलं तर तो कृमी आतड्यात वाढतो. त्या माणसाच्या विष्ठेतून कृमीची अंडी बाहेर पडतात आणि मैलापाण्यातून माती, पिण्याचं पाणी, शेतातली भाजी इथवर पोचतात. ती अंडी कोणाच्याही पोटात गेली, अगदी कधीच मांस न खाणाऱ्याच्याही, तर त्यांतून निघालेल्या अळ्या रक्तातून मेंदूपर्यंत जाऊ शकतात आणि फिट्स येऊ शकतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या म्हणण्यानुसार हा आजार जिथे मूळ धरून आहे अशा अनेक भागांत अपस्माराच्या सुमारे ३० टक्के रुग्णांमागे तोच असतो. कोबीच्या पानावर डोळ्यांना दिसते ती हिरवी अळी याच्याशी काहीच संबंध नसलेली, पतंगाची अळी. खरी धोक्याची अंडी डोळ्यांना दिसत नाहीत आणि ती कोथिंबीर, मुळा, गाजर अशा कुठल्याही कच्च्या भाजीवर असू शकतात.

आपल्या ट्रेमध्ये मांस आतून ९० अंशांवर जातं आणि कोबी तेवढ्याच तापमानाला दोन-अडीच तास असतो. यात ना अळी जगते ना अंडं. काळजी घ्यायची ती कच्च्या कोशिंबिरीची, हात धुण्याची आणि कच्चं मांस ठेवलेल्या पाटाची. मी बाहेरची तीन-चार पानं काढून टाकते, फोडी वाहत्या पाण्याखाली धरते आणि कोबी पोर्कच्या आधी चिरून बाजूला ठेवते. सासूबाई आता दुसऱ्यांदा वाढून घेतात.

ओटीजीची जात

माझा ओटीजी, म्हणजे विजेचा लहान घरगुती ओव्हन, ३० लिटरचा आहे. खटक्यावरच्या आकड्यावर विश्वास ठेवू नका. आत टांगायचा ओव्हन थर्मामीटर घ्या. माझ्याकडे खटका १६० वर ठेवला की आतलं तापमान १४५ ते १८० या पट्ट्यात वरखाली होत राहतं. लांब वेळाच्या भाजण्यात ते सरासरीवर निघून जातं, फक्त सरासरी कुठे पडते ते माहीत हवं.

लहान ओव्हनची खरी अडचण वरचा रॉड. तो मांसापासून जेमतेम चार बोटं वर असतो, म्हणून कातडीची कुरकुरीत पापडी तिथे होत नाही. बाजूचा भाग फुलायच्या आत मधला काळा पडतो. मोठा ओव्हन असलेल्यांनी कातडी जरूर ठेवावी, चौकड्या पाडाव्यात आणि शेवटी २२० च्या वर न्यावं. आम्ही ३० लिटरवाल्यांनी चरबीच्या थरावर समाधान मानावं. तोही सोनेरी झाला की फार चांगला लागतो.

आत्ताची रीत

मांस तासभर आधी फ्रिजबाहेर. ट्रेमध्ये दोन मोठे कांदे जाड चकत्या करून, त्यावर कोबीच्या फोडी, थोडं मीठ. मधोमध मांस, चरबीची बाजू वर. पाणी अजिबात घालायचं नाही. फॉइलचे दोन थर कडेला घट्ट दाबून, खालच्या खाचेत, १६० अंशांवर दोन तास, फक्त खालचा रॉड. दार उघडायचं नाही.

दोन तासांनी फॉइल काढताना वाफ चेहऱ्यावर येते, पलीकडच्या बाजूने उघडा. ट्रेमध्ये साधारण बोटभर रस असतो. वर तरंगणारी जास्तीची चरबी पळीने काढून वाटीत घ्या, फ्रिजमध्ये पांढरीशुभ्र घट्ट होते आणि बटाटे परतायला तिच्यासारखं काही नाही. मग दोन्ही रॉड, १८० अंश, न झाकता पाऊण ते एक तास. या वेळात रस आटतो, कडा रंग धरतात, आणि घरात कॅरावेचा वास गंधकाला मागे टाकून पुढे येतो. दोनदा रस चमच्याने मांसावर घाला. थर्मामीटर ८८ दाखवायला लागला की सिरका. काढल्यावर वीस मिनिटं हात लावायचा नाही. लगेच कापलं तर रस पाटावर जातो.

सव्वा किलोचं मांस शिजून हाडासकट आठशे ग्रॅमच्या आसपास भरतं. चौघांचं जेवण होतं, भाकरी सोबत असेल तर पाच जणांचंही. दुसऱ्या दिवशी उरलेलं मांस आणि कोबी तव्यावर एकत्र परतून पावात भरा. मुलं त्याचीच वाट बघतात.

वीज गेली तर घाबरू नका. झाकलेल्या टप्प्यात दार न उघडता अर्धा तास सहज निघतो, ट्रेमध्ये साठलेली उष्णता बरीच असते. वीज आली की थर्मामीटर बघून पुढे चालू करा.

पुढे काय

किलोभर कोबी बारीक चिरून, २० ग्रॅम मीठ चोळून बरणीत दाबून ठेवला आहे. आंबवायला १८ ते २२ अंश चांगले. आमच्याकडे जानेवारीतही दुपारी त्याच्या बरंच वर जातं, म्हणून बरणी मोरीजवळच्या थंड फरशीवर आहे आणि कोबी स्वतःच्या पाण्याखाली बुडालेला राहील याकडे रोज लक्ष देते. बुडबुडे यायला लागले आहेत, वास स्वच्छ आंबट आहे.

ईस्टरच्या आधीचा उपवासकाळ सुरू होण्याआधीच्या रविवारी अर्धा ताजा आणि अर्धा आंबवलेला कोबी घेऊन ट्रे लावणार आहे. ताज्या फोडी नेहमीसारख्या सुरुवातीपासून, आंबवलेला फॉइल काढतानाच, म्हणजे त्याच्या आंबटपणाने फोडी कडक राहायला नकोत. त्यात मीठ आहेच, म्हणून मांसाचं मीठ दीडवरून एक टक्क्यावर आणेन आणि सिरका पूर्ण वगळेन. ज्यांनी आंबवलेला कोबी ओव्हनमध्ये वापरला आहे त्यांनी तो आधी पिळून घेतला की रसासकट घातला, हे कळवलं तर त्याप्रमाणे ठरवते.