पातळ स्वीडिश पॅनकेक: पीठ जमलं, आता तव्याचं बघतोय

मागच्या नोंदीनंतर पुलाखालून बरंच दूध वाहून गेलं आहे. पिठाचं प्रमाण पक्कं झालं, त्याला आता हात लावत नाही. पातळपणाचा निम्मा हिशोब पिठात असतो आणि उरलेला तवा आणि डाव यांच्यात, अशा मताला मी येऊन ठेपलोय. तरी नव्याने सुरुवात करणाऱ्यांसाठी आधी प्रमाण.

मी स्वीडनमध्ये गॉथेनबर्गला राहतो. इथे पानकाकाचं, म्हणजे घरगुती पातळ पॅनकेकचं, प्रमाण लोकांना तोंडपाठ असतं आणि ते डेसिलिटरमध्ये असतं: ३ अंडी, ६ डेसिलिटर दूध, अडीच ते ३ डेसिलिटर मैदा, अर्धा चमचा मीठ, दोन-तीन मोठे चमचे लोणी. सोडा नाही, बेकिंग पावडर नाही. साखरही बहुतेक घरांत पिठात घालत नाहीत, गोडाचं काम वरचा मुरंबा करतो. १ डेसिलिटर म्हणजे १०० मि.लि., आणि मैदा दाबून न भरता घेतला तर १ डेसिलिटरचे साधारण ६० ग्रॅम होतात.

सगळी मेख त्या 'अडीच ते ३'मध्ये आहे. अर्धा डेसिलिटर म्हणजे ३० ग्रॅम मैदा. १८० ग्रॅम घेतला की मऊ, भरीव, मुलांच्या ताटात खपणारा पॅनकेक होतो. १५० घेतला की पीठ डावातून साईच्या दुधासारखं सुटतं, कडेला जाळी पडते आणि घडी घातली तरी कड कुरकुरीत राहते. मी १५० वर थांबलोय. त्याखाली उतरून पाहिलं, १३०च्या आसपास उलटताना फाटायला लागतो आणि चवीला नुसतं अंडं लागतं. मापाच्या भांड्यावर विसंबू नका, मैदा वजन करूनच घ्या. भांड्यात जरा ठोकून भरला तरी हे ३० ग्रॅम कुठल्या कुठे जातात.

भारतात करणाऱ्यांसाठी थोडं. इथलं नेहमीचं दूध ३ टक्के स्निग्धांशाचं, म्हणजे आपलं टोन्ड दूध नेमकं तेच. ६ टक्क्यांचं फुल क्रीम घेतलंत तर पॅनकेक लवकर डागतो आणि जड होतो, त्यात थोडं पाणी घालणं बरं. अंड्यांचंही वजनच बघा. इथलं मध्यम अंडं कवचासकट ५३ ते ६३ ग्रॅमचं असतं. तीन अंडी फोडून १५० ग्रॅमच्या आसपास भरली की झालं, लहान असतील तर चौथं घ्या.

भिजवायची पद्धत ठरलेली आहे आणि ती सोडू नये. मैदा आणि मीठ भांड्यात, त्यावर निम्मंच दूध, आणि गुठळी मोडेपर्यंत रवीने किंवा तारेच्या फेटणीने हलवायचं. पीठ दाट असतानाच गुठळ्या एकमेकींवर घासून मोडतात. सगळं दूध एकदम ओतलं तर त्या तरंगत राहतात आणि तुम्ही त्यांच्यामागे भांडंभर फिरता. मग उरलेलं दूध, शेवटी अंडी. अंडी घातल्यावर जोर लावून फेटू नका. मैद्यात ग्लुटेन आहे, जास्त घोटलं तर पॅनकेक चिवट होतो. शिवाय फेस झाला की तव्यावर बुडबुडे फुटून भोकं पडतात. ती जाळी वेगळी आणि ही भोकं वेगळी.

मग अर्धा तास झाकून ठेवायचं. इथल्या कित्येक घरांत ही पायरी गाळतात आणि त्यांचे पॅनकेकही छान होतात, त्यामुळे याला नियम म्हणत नाही. पण १५० ग्रॅमच्या पिठात मला फरक दिसतो. मैदा दूध पिऊन घेतो, फेस बसतो आणि पहिला पॅनकेक शेवटच्यासारखाच होतो. ठेवलेलं पीठ वापरण्याआधी तळापासून ढवळा, मैदा खाली बसलेला असतो.

आता तवा. माझा २४ सेंटिमीटरचा, बिडाचा, जड. शेगडी इंडक्शनची, आणि इंडक्शनचं वेटोळं तव्याच्या बुडापेक्षा लहान असतं. आच मोठी करून घाई केली की मधोमध चटका बसतो आणि कडेला पीठ नुसतं पांढरं पडून राहतं. बिडातून उष्णता सावकाश पसरते, त्यामुळे मी आच मध्यमच्याही खाली ठेवून तवा सात-आठ मिनिटं रिकामा तापू देतो आणि मगच वाढवतो. गॅसवाल्यांना हा प्रश्न कमी येईल, पण लहान बर्नरवर मोठा तवा ठेवला तर गत तीच.

उन्हाळ्यात आई आली होती. ती सावंतवाडीची, घावनात तिचा हात कोणी धरणार नाही. माझं सगळं मोजमाप बघून म्हणाली, "अरे, काट्याकडे काय बघतोस, तव्यावर पाण्याचा हबका मार." मारला. थेंब तडतडून नाचायला लागले. त्याच क्षणी लेझरचा थर्मामीटर तव्यावर धरला तर आकडा २००च्या वर. लोण्याला एवढं नको. म्हणून आता हबका मारून झाला की आच कमी करतो, मिनिटभर थांबतो, मग लोण्याचा खडा टाकतो. लोणी फसफसतं, फेस विरतो, भाजल्या शेंगदाण्यासारखा वास यायला लागतो. पीठ ओतायचं ते तेव्हा. माझ्या थर्मामीटरवर त्या वेळी १८० ते १९० अंश असतात, पण वास आकड्याच्या आधी कळतो. लोणी काळं पडलं तर पुसून टाका आणि नव्याने घाला, जळक्या लोण्याची चव सगळ्या चळतीत उतरते.

लोण्याबद्दल अजून एक. सगळं लोणी तव्यातच वितळवायचं आणि ते गरमागरम पिठात ओतून ढवळायचं. तव्याला आपोआप तुपकटपणा येतो आणि पिठातल्या लोण्यामुळे पुढचे पॅनकेक तवा धरत नाहीत. नंतर दर तीन-चार पॅनकेकनंतर एवढासा खडा पुरतो. साजूक तूपही चालवून पाहिलं. चिकटत नाही, पण तो तपकिरी रंग आणि वास येत नाही, कारण तो लोण्यातल्या दुधाच्या अंशाचा असतो आणि तूप कढवताना नेमका तोच बेरीत गेलेला असतो.

आता ओतणं. आई घावन घालते तेव्हा कडेकडून सुरुवात करून मध्ये येते, वरून झाकण ठेवते, आणि उलटायच्या भानगडीत पडत नाही. इथे सगळं उलट. पीठ मधोमध एका दमात, दुसऱ्या हाताने तवा उचलून मनगटातून गोल फिरवायचा, म्हणजे पीठ पळत कडेला जातं. डावाने पसरवायचं नाही. तांदळाच्या पिठाची सवय असलेल्या हाताला हे अवघड जातं, डाव आपोआप तव्याकडे वळतो.

किती ओतायचं हा हिशोब मी कागदावर मांडला. २४ सेंटिमीटर व्यासाच्या तव्याचं क्षेत्रफळ साधारण ४५० चौरस सेंटिमीटर. त्यावर ६० मि.लि. पीठ पसरलं तर थर सव्वा मिलिमीटरच्या जरा वर. १०० मि.लि. ओतलं तर सव्वादोन. लोक म्हणतात की पीठ पातळ करा, पण पीठ कितीही पातळ असो, डाव मोठा असेल तर पॅनकेक जाडच होणार. मी आता डेसिलिटरचं माप अर्ध्याच्या किंचित वर भरतो. एवढ्या पिठात पंधरा-सोळा होतात.

वरचा ओला चकाकता भाग मावळला आणि कडा तपकिरी होऊन सुटल्या की उलथणं घालून उलटा. दुसरी बाजू वीस-तीस सेकंद, तिला ठिपके पडले तरी पुरे. हवेत उडवून उलटणं जमतं, दिसतंही छान. पण बिडाचा तवा दोन-अडीच किलोचा असतो, मनगटाचा विचार करा.

खाण्याबद्दल थोडक्यात. इथे गुरुवार हा पिवळ्या वाटाण्याच्या सूपाचा आणि पॅनकेकचा वार. कॅन्टीनमध्ये, सैन्यात, शाळांत हीच जोडी. मूळ कॅथलिक काळातलं सांगतात: शुक्रवारी उपास, म्हणून आदल्या दिवशी पोटभर. सूपात डुकराचं मांस असतं, शाकाहारी मंडळींनी विचारून घ्यावं. याच सूपातून स्वीडनचा राजा चौदावा एरिक याला विष दिलं अशी आख्यायिका आहे. तो १५७७ मध्ये कैदेत वारला आणि १९५८ मध्ये थडगं उघडलं तेव्हा अवशेषांत आर्सेनिक सापडलं. सूपाचं कोण सांगणार, पण पॅनकेकवर आळ आलेला नाही.

वर स्ट्रॉबेरीचा मुरंबा आणि फेटलेली साय हे मुलांचं. मला लिंगोनबेरी, म्हणजे इथली लहान आंबट लाल बेरी, आवडते, जरी इथले लोक ती रागमुंकबरोबर, म्हणजे किसलेल्या बटाट्याच्या पॅनकेकबरोबर, आणि डुकराच्या मांसाबरोबर जास्त खातात. ऑगस्टअखेरीपासून जंगलात पिकते आणि कोणालाही तोडायची मुभा असते. शिजवायचीही गरज नाही, कच्च्या बेरीत साखर घालून विरघळेपर्यंत हलवायची. तिच्यात निसर्गतःच बेन्झोइक आम्ल असतं, त्यामुळे बरणी बराच काळ टिकते. फेटायची साय इथे ३६ ते ४० टक्क्यांची मिळते. भारतात पाकिटात मिळणारं २५ टक्क्यांचं क्रीम तासभर फेटलं तरी उभं राहत नाही, त्यात वेळ घालवू नका. घट्ट चक्का थोडी साखर घालून घ्या, मला तर तो जास्तच आवडतो.

बिनअंड्याचं काय, हे ओळखीतले बरेच जण विचारतात. बेसन घालून, मक्याचं पीठ घालून पाहिलं. खायला छान लागतं, पण ते धिरडं आहे आणि धिरडं म्हणूनच खावं. या पॅनकेकचा सांगाडा अंड्याचा आहे, एवढ्या कमी मैद्यात दुसरं काही त्याला धरून ठेवत नाही.

नवीन खरेदी: जुन्या वस्तूंच्या बाजारातून प्लेत्तलाग आणला. सात गोल खळग्यांचा बिडाचा तवा, आप्पेपात्रासारखा पण खळगे सपाट आणि उथळ. दक्षिण स्वीडनच्या स्मोलांड भागातल्या शेप्सहुल्ट गावच्या ओतशाळेत १९०६ पासून बिडाची भांडी होतात, हा तिथलाच. गंज घासून काढला, जवसाच्या तेलाचा पातळ हात देऊन ओव्हनमध्ये भाजला, अजून दोन हात द्यायचे आहेत. यावर होणाऱ्या छोट्या पॅनकेकना प्लेत्तार म्हणतात. पीठ तेच, पण १५० ग्रॅमचं इथे चालत नाही. खळग्यात ते पसरायला जागाच नसते, आणि एवढं पातळ असलं की उलटताना दुमडतं. १८० वर आलो की सरळ उलटतात. प्रत्येक खळग्यात एक मोठा चमचा, त्याहून जास्त नाही. मधला खळगा बाहेरच्या सहांपेक्षा आधी होतो, तेव्हा भरताना तो शेवटी भरा.

ज्यांना शेगडीपाशी उभं राहायचंच नाही त्यांच्यासाठी ओव्हनमधला प्रकार आहे, उंग्न्सपानकाका. खोल ट्रेमध्ये लोणी वितळवून त्यात हेच पीठ, जरा जास्त मैदा घालून, २२५ अंशांवर पंचवीस मिनिटांच्या आसपास. कडा डोंगरासारख्या फुगतात, बाहेर काढलं की बसतात, काळजी करू नका. इथे त्यात बहुधा डुकराच्या मांसाचे तुकडे घालतात, मी त्याऐवजी सफरचंदाच्या फोडी आणि दालचिनी घालतो. हा पातळ अजिबात नसतो, त्यामुळे त्याची नोंद वेगळी करेन. आधी प्लेत्तलागचे राहिलेले दोन हात.