चौकटीतला सूर्य केवढा काढायचा?

चित्रकथेच्या चौकटीत परग्रहावरचा प्रसंग रंगवताना रॉकेट नीट जमतं, स्पेससूटच्या नळ्याही जमतात. चुकतो तो सूर्य. मंगळावर परातीएवढा, नेपच्यूनवर गायब, आणि रंगाने सगळीकडे हळदीसारखा पिवळा. हे टाळायला एकच आकडा हाताशी हवा: ग्रह सूर्यापासून किती खगोलीय एकक (पृथ्वी ते सूर्य हे सरासरी अंतर म्हणजे एक एकक) लांब आहे. पृथ्वी १, बुध सरासरी ०.३९, मंगळ १.५२, गुरू ५.२, शनी ९.५, नेपच्यून ३०. पृथ्वीवरून दिसणाऱ्या सूर्याच्या व्यासाला या आकड्याने भागा, तिथला आकार मिळतो. प्रकाशाला त्याच्या वर्गाने भागा, उजेड मिळतो. ८.३ मिनिटांना त्याने गुणा, किरण पोचायला लागणारा वेळ मिळतो.

पृथ्वीवरून सूर्य जेमतेम अर्धा अंश रुंद दिसतो. समजा चौकट १२ सेंटीमीटर रुंद आहे आणि तिच्यात ६० अंशांचा देखावा बसवलाय. ढोबळमानाने एका अंशाला २ मिलिमीटर आले, म्हणजे सूर्य फक्त १ मिलिमीटरचा! मंगळावर ०.७, गुरूपाशी ०.२. बुध सूर्याच्या सर्वांत जवळ असतानाही साडेतीन मिलिमीटर. मोठा सूर्य हवाच असेल तर टेलिलेन्सने, म्हणजे दूरचं जवळ आणणाऱ्या भिंगाने पाहिल्यासारखं चित्र काढा, पण मग मागचे डोंगरही त्याच प्रमाणात अंगावर यायला हवेत. डोंगर लांब आणि सूर्य मोठा, ही जोडी जमत नाही.

उजेडाच्या बाबतीत चूक नेमकी उलट होते. नेपच्यून म्हटलं की सगळी चौकट काळ्या शाईत बुडवतात. ३० चा वर्ग ९००. भर दुपारी पृथ्वीवर सुमारे १ लाख लक्स (उजेड मोजायचं एकक) उजेड असतो, त्याचा नऊशेवा भाग म्हणजे शंभरावर लक्स. घरातल्या दिव्याखाली साधारण एवढाच उजेड असतो. पौर्णिमेच्या चांदण्याच्या चारशेपट तरी! म्हणजे नेपच्यूनच्या चंद्रावर उभं राहून पुस्तक आरामात वाचता येईल. सूर्य मात्र तिथे तबकडीसारखा न दिसता डोळ्यांत टोचणाऱ्या ठिपक्यासारखा दिसेल. सूर्य इतका बारीक झाला की सावलीची कडही ब्लेडने कापल्यासारखी होते. पृथ्वीवर वस्तूपासून १ मीटरवर पडलेल्या सावलीची कड साधारण ९ मिलिमीटर धूसर असते, तिथे ०.३.

हवा नसलेल्या जागी दिवसाही आकाश काळं असतं, म्हणून चित्रकार लगेच चांदण्या पेरतो. त्या दिसणार नाहीत. उन्हातली जमीन इतकी लख्ख असते की डोळा आणि कॅमेरा दोघेही तिच्याशीच जुळवून घेतात. चांदण्या हव्या असतील तर पात्राला मोठ्या खडकाच्या सावलीत न्या आणि उन्हातली जमीन नजरेआड करा.

शुक्रावर काम सोपं, सूर्य काढायचाच नाही. ढगांमुळे जमिनीवरून तबकडी दिसत नाही. नारिंगी, ढगाळ दुपारीसारखा उजेड, धारदार सावली नाही. मंगळाचं आकाश दिवसा धुळीमुळे फिकट तांबूस-पिवळं, पण सूर्यास्ताला सूर्याभोवती निळसर झाक असते. १९७६ मध्ये मंगळावर उतरलेल्या व्हायकिंग १ या यानाचं पहिलं रंगीत छायाचित्र प्रसिद्ध झालं तेव्हा आकाश चक्क निळं दाखवलं गेलं आणि मग रंग दुरुस्त करावे लागले. तेव्हा रंगाऱ्याला फार बोलू नये.

बुधाची एकच बाजू कायम उन्हात असते हे जुन्या विज्ञानकथांचं आवडतं गृहीतक. १९६५ च्या रडार निरीक्षणांनी ते खोटं ठरलं. खरा बुध जास्त नाट्यमय आहे: एका सूर्योदयापासून दुसऱ्यापर्यंत पृथ्वीचे १७६ दिवस, आणि काही ठिकाणी सूर्य उगवतो, थबकतो, परत मावळतो आणि पुन्हा उगवतो. कथानकासाठी याहून चांगलं काय हवं?

गुरूच्या आयो या चंद्रावरचं दृश्य असेल तर आणखी एक खोड काढून टाका. क्षितिजामागून वर येणारा गुरू दाखवतात, पण आयोची एकच बाजू कायम गुरूकडे असते. त्यामुळे जमिनीवरून पाहणाऱ्याला गुरू आकाशात जवळपास एकाच जागी टांगलेला दिसतो. रुंदी साडेएकोणीस अंश, म्हणजे आपल्या चौकटीत जवळजवळ ४ सेंटीमीटर. हलत नाही, पण त्याच्या कला बदलतात: साडेबेचाळीस तासांत अमावास्येपासून अमावास्येपर्यंत. दर फेरीत सूर्य गुरूमागे जातो आणि दोन तासांहून जास्त ग्रहण लागतं.

रंगाचं म्हणाल तर हवेबाहेर सूर्य पांढरा दिसतो. सुपरमॅनला पिवळ्या सूर्यामुळे शक्ती मिळते, ती मिळू द्या; तो कथेचा नियम आहे. पण लाल बटूभोवतीच्या, म्हणजे लहान आणि तुलनेने थंड ताऱ्याभोवतीच्या ग्रहावर सगळं रक्तासारखं लाल रंगवू नका. अशा ताऱ्याचं तापमान ३००० केल्विनच्या आसपास, जुन्या तारेच्या बल्बच्या जवळपास. उजेडही तसाच, ऊबदार पिवळट.

राहिला वेळ. पृथ्वी आणि मंगळ दोन्ही फिरत असल्याने त्यांच्यातला संदेश एका बाजूने जायला ३ ते २२ मिनिटं लागतात. मंगळावरून प्रश्न विचारला आणि पृथ्वीवरचं उत्तर त्याच चौकटीतल्या फुग्यात आलं, तर ते उत्तर कोणीतरी प्रश्नाआधीच पाठवलेलं असणार.