चतुर्थीचं पाणी, तीनचा उजेड

दाभोळच्या खाडीत धक्क्याच्या पायऱ्यांवर आम्ही एकच चौकट सोळा दिवस लावली. रोज दुपारी 3 ते 3.20, दर 10 सेकंदांनी एक फोटो. 120 फोटो, म्हणजे सेकंदाला 24 फ्रेमच्या हिशोबाने पडद्यावर जेमतेम 5 सेकंद.

पुनरावृत्तीवरची फिल्म खाडीकाठी करायची तर आधी ठरवावं लागतं, घड्याळ धरायचं की भरती. भरती रोज साधारण 50 मिनिटं उशिरा येते. पाणी तेच हवं तर उजेड बदलणार, उजेड तोच हवा तर पाणी. आम्ही घड्याळ धरलं आणि दिवस तिथीवरून काढले. इथला जुना हिशोब आहे: तिथीची पाऊणपट म्हणजे भरतीची वेळ. चतुर्थीला 3 वाजता पाणी भरतं. द्वादशीला 9 ला, म्हणून दुपारी 3 च्या सुमाराला सुकती, म्हणजे ओहोटी. पुढच्या चतुर्थीला परत 3.

ट्रायपॉडच्या पायांच्या खुणा जांभ्यावर ऑइलपेंटने केल्या होत्या, मधल्या दांड्याला ओळंबा. तरी नवव्या दिवशी शेवाळावर एक पाय बोटभर सरकला. कालची फ्रेम मॉनिटरवर अर्धपारदर्शक ठेवून जुळवताना होड्या बांधायचं लोखंडी कडं दोन-दोन दिसलं, तेव्हा कळलं. फोटो 6000 पिक्सेल रुंद आणि फिल्म 3840 ची, त्यामुळे कापून जुळवायला जागा राहते. ती जागा ठेवाच.

खरा त्रास लुकलुकण्याचा. अ‍ॅपर्चरची, म्हणजे लेन्समधल्या उजेडाच्या भोकाची, पाती दर फोटोला नव्याने मिटतात आणि दरवेळी केसभर वेगळी थांबतात, म्हणून फोटोगणिक उजेड कमीजास्त होतो. लेन्स पूर्ण उघडी ठेवली की पाती हलतच नाहीत. जास्तीचा उजेड एनडी फिल्टरने, म्हणजे लेन्ससमोरच्या करड्या काचेने, अडवायचा. फिल्टरवर खाऱ्या वाऱ्याचा थर बसतो. तो कोरडा पुसला तर मीठच ओरखडे काढतं, आधी डिस्टिल्ड वॉटर लावायचं.

सोळाव्या दिवशी, शुद्ध चतुर्थीला, 3 वाजता पाणी भरलं. द्वादशीला उघड्या पडलेल्या सहाही पायऱ्या पुन्हा बुडाल्या. पण पहिल्या दिवशी, वद्य चतुर्थीला, पाणी जिथवर आलं होतं ती रेघ वीतभर वरच राहिली. चंद्राचं अंतर दोन्ही पक्षांत सारखं नसतं, भरतीची उंचीही नसते. कड्याची सावलीसुद्धा दोन बोटं सरकली होती. एडिटला डिझॉल्व्ह टाकून, म्हणजे एक चित्र दुसऱ्यात विरघळवून, हा फरक मिटवता आला असता. मी तो टाकू दिला नाही. पहिल्या दिवसाच्या 5 सेकंदांना सोळाव्याचे थेट जोडले. कडं जागेवर राहतं आणि पाणी एका फ्रेममध्ये वीतभर उतरतं.