हिरवाणीच्या १७ कसोट्या

नरेंद्र हिरवाणीचं नाव निघालं की लोक मद्रासच्या पदार्पणाच्या कसोटीतले १६ बळी सांगतात आणि लगेच 'नंतर काही जमलं नाही' म्हणून विषय संपवतात. निदान इंदूरमध्ये तरी असं होऊ नये. इथले प्रशिक्षक संजय जगदाळे यांच्या हाताखाली घडलेला हा लेगस्पिनर, म्हणजे मनगटाने फिरकी देणारा गोलंदाज, १७ कसोट्यांत ६६ बळी घेऊन गेला, सरासरी ३०.१०. पहिल्या ४ कसोट्यांत ३६ आणि उरलेल्या १३ मध्ये ३०. ही फोड का झाली, ते बघण्यासारखं आहे.

आधी मद्रास, जानेवारी १९८८, समोर वेस्ट इंडिज. वय १९. वेंगसरकर जखमी असल्यामुळे कप्तानी रवी शास्त्रीकडे. तिथल्या चेपॉक मैदानाची खेळपट्टी नीट तयार झालेली नव्हती, चेंडू हातभर वळत होता. भारताच्या ३८२ मध्ये कपिलदेवच्या १०९ होत्या. मग हिरवाणीचे ६१ धावांत ८ आणि दुसऱ्या डावात ७५ धावांत ८. पदार्पणात १३७ धावांत १६ बळी घेणाऱ्या ऑस्ट्रेलियाच्या बॉब मॅसीपेक्षा एक धाव कमी. भारत २५५ धावांनी जिंकला आणि मालिका १-१ अशी सुटली.

खेळपट्टीमुळे मिळाले, असं म्हणणाऱ्यांनी किरण मोरेचे आकडे बघावेत. बडोद्याच्या या यष्टिरक्षकाने त्या सामन्यात ६ यष्टिचीत केले, त्यातले ५ दुसऱ्या डावात. नुसत्या वळणावर फलंदाज पुढे येऊन फसत नाही. चेंडू डोळ्यांच्या रेषेच्या वर जावा लागतो आणि अंदाजाच्या अलीकडे पडावा लागतो. हिरवाणी चेंडूला भरपूर उंची द्यायचा, आणि अनामिकेने दिलेल्या जोरदार फिरकीमुळे तो शेवटच्या क्षणी खाली यायचा. टप्प्यापर्यंत पोचलो असं वाटून फलंदाज बॅट फिरवायचा, तेव्हा चेंडू हातभर अलीकडे पडलेला असायचा. जोडीला गुगली होती, म्हणजे मनगट आणखी वळवून हाताची मागची बाजू फलंदाजाकडे ठेवून सोडलेला, आत येणारा चेंडू. आणि फ्लिपर. तो अंगठा आणि बोटं यांच्यातून चुटकी वाजवल्यासारखा सुटतो, टप्प्यावर उसळत नाही, खाली राहून सरळ घुसतो. लेगब्रेक, म्हणजे बाहेर वळणारा नेहमीचा चेंडू, समजून मागे गेलेल्या फलंदाजाला बॅट खाली आणायला वेळ उरत नाही.

त्याच वर्षी न्यूझीलंड भारतात आला. ३ कसोट्यांत हिरवाणीचे २० बळी.

अडचण १९८९ च्या वेस्ट इंडिज दौऱ्यात दिसली. हवेत सावकाश येणारा चेंडू फिरतो, पण खेळपट्टी संथ असेल तर चांगला फलंदाज मागच्या पायावर जातो, वळण पूर्ण होऊ देतो आणि मग मारतो. उपाय म्हणून वेग वाढवायला जावं तर मनगट पूर्ण वळायच्या आत चेंडू सुटतो. मग तो आखूड पडतो किंवा फुलटॉस जातो, फिरकीही कमी होते. लेगस्पिनरला दुसरा वेग लागतो तो खांद्यातून. पळत येण्याचा वेग वाढवून तो मिळत नाही, आणि कसोटी मालिकेच्या मधे तो शिकताही येत नाही. माझ्या मते हिरवाणी अडला तो इथे. गुगलीत तर काहीच कमी नव्हतं.

१९९० मध्ये इंग्लंडमध्ये ओव्हलवर त्याने एका टोकाकडून सलग ५९ षटकं टाकली. बळी एकच, पण सपाट खेळपट्टीवर एवढा वेळ टप्पा धरून ठेवणं लेगस्पिनरला किती कठीण, हे नेटमध्ये १० षटकं टाकून बघितली की समजतं. त्याच दौऱ्यात मँचेस्टरला कुंबळेचं पदार्पण झालं. कुंबळे वेगाने टाकायचा, उसळी मिळवायचा आणि धावा द्यायचा नाही. संघात दोन लेगस्पिनर बसवणं अवघड. पुढे कुंबळेबरोबर डावखुरा फिरकी गोलंदाज वेंकटपती राजू आणि आपल्याच मध्य प्रदेशचा राजेश चौहान अशी तिकडी जमली आणि हिरवाणी बाहेर राहिला. १९९५ मध्ये कटकला परत घेतलं तेव्हा त्याने न्यूझीलंडचे ५९ धावांत ६ काढले. १९९६ अखेर कोलकात्यात दक्षिण आफ्रिकेविरुद्धची कसोटी शेवटची ठरली.

प्रथम श्रेणीत मात्र त्याचे ७३२ बळी आहेत. एका सामन्याच्या नशिबावर एवढे बळी कुणाला मिळत नाहीत. लेगस्पिन शिकणाऱ्या पोरांनी मद्रासचं चित्रीकरण मिळालं तर अवश्य बघावं. नजर टप्प्यावर नको, चेंडू सुटताना मनगटावर ठेवा, आणि लगेच मोरेच्या पायांवर. चेंडू कुठे वळणार हे त्याने हातावरूनच ओळखलेलं असतं.