सा नेमका कुठल्या रंगाचा?

आमच्या गाण्याच्या क्लासच्या ग्रुपवर परत तो फॉरवर्ड फिरतोय, प्रत्येक स्वराला स्वतःचा रंग असतो, सा लाल, रे नारंगी वगैरे, आणि हे म्हणे सिद्ध झालेलं शास्त्र आहे. असं काही शास्त्र नाहीये हो. पण असतं तर बहार आली असती, म्हणून जरा वेळ खरं धरून चालू.

गणित सोपंय. फ्रिक्वेन्सी दुप्पट केली की वरच्या सप्तकातला तोच स्वर मिळतो, मग दुप्पट करणं थांबवायचंच नाही, चाळीस-एक्केचाळीस वेळा करत राहायचं, की आकडा थेट दिसणाऱ्या प्रकाशात जाऊन पडतो. पेटीच्या पांढरी एक या पट्टीचा सा (पाश्चात्त्यांचा सी), म्हणजे साधारण 261.6 हर्ट्झ, 41 सप्तकं वर नेला की 521 नॅनोमीटर लांबीची प्रकाशाची लाट, चक्क हिरवा! काळी एकचा निळसर हिरवा निघतो आणि काळी पाचचा पिवळा. झाली का पंचाईत? काळी एकवाल्या बुवांचा यमन आणि काळी पाचवाल्या बाईंचा यमन, राग तोच, बंदिश तीच, रंग वेगळे. आपल्याकडे सा ज्याचा त्याचा, त्याला कायमचा रंग कसा चिकटवणार? (आणि हवेतला आवाज एवढा वर जाऊच शकत नाही, त्या लाटेची लांबी अणूपेक्षाही लहान होईल, शिवाय प्रकाश म्हणजे हवेचा दाब नव्हेच. पण ते आपण आज सोडून दिलंय.)

लोकांनी रंग चिकटवले मात्र भरपूर. न्यूटनने 1704 च्या 'ऑप्टिक्स'मध्ये रंगपटाचे सात भाग सप्तकाच्या हिशोबाने पाडले. 1725 मध्ये कास्तेल नावाच्या फ्रेंच जेझुइट पाद्र्याने डोळ्यांसाठीच्या हार्पसिकॉर्डची (हे पियानोसारखं जुनं वाद्य) कल्पना काढली, पट्टी दाबली की रंग दिसणार, आणि त्याचा सी निळा. रशियन संगीतकार स्क्रियाबिनला सी मेजर (सी हा सा धरलेलं सप्तक) लाल वाटायचा, त्याच्याच ओळखीतल्या रिम्स्की-कोर्साकोवला पांढरा! स्क्रियाबिनने तर 'प्रोमिथिअस' लिहिताना रंगांसाठी वेगळी ओळ लिहिली आणि 1915 मध्ये न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्ये ते रंगीत दिव्यांसकट झालंही. लांब कशाला जा, आपल्या देवगिरीला यादवांच्या दरबारी तेराव्या शतकात शार्ङ्गदेवाने 'संगीतरत्नाकर' लिहिला, त्यात सा कमळासारखा, ग सोन्यासारखा, म कुंदाच्या फुलासारखा पांढरा आणि प चक्क काळा. एकाचं एकाशी जुळेल तर शपथ.

पण माझ्या मते खरी गोची रंग कुठला ही नाहीच, गोची डोळ्यात आहे. सा आणि प एकदम लावा, कान दोन्ही वेगवेगळे ऐकतो, जरा तयार कान असला तर त्यातला एक किंचित उतरलाय हेही सांगतो. आता लाल आणि हिरवा प्रकाश एकावर एक टाका. पिवळा दिसतो, बास, त्यात लाल कुठे आणि हिरवा कुठे हे कितीही डोळे ताणले तरी सापडत नाही. डोळ्यात रंग ओळखणाऱ्या पेशी तीनच प्रकारच्या, त्या नुसती गोळाबेरीज करतात, कानाच्या आतल्या शंखासारख्या नळीत मात्र प्रत्येक जागा वेगळ्या फ्रिक्वेन्सीला हलते. त्यात ऐकू येतात जवळपास दहा सप्तकं आणि दिसतं जेमतेम एक. म्हणजे जुळलेल्या तानपुऱ्याचे सगळे स्वर या दुप्पट करत प्रकाशात नेणाऱ्या यंत्रात घातले तर बाहेर काय येणार, फिक्कट पांढरट उजेड. ट्यूबलाईट!

आवाजातून प्रकाश निघतच नाही असंही नाही बरं का. 1934 मध्ये जर्मनीत कलोनला अल्ट्रासाऊंड सोडलेल्या द्रवात हे दिसलं, बुडबुडा आवाजाच्या दाबाने इतक्या जोरात मिटतो की आतला वायू तापून क्षणभर निळसर चमकतो. पण आवाज ऐकू न येण्याइतका वरचा आणि सारेगमशी त्या रंगाचा काही संबंध नाही, त्यामुळे फॉरवर्डवाल्यांनी खूश होऊ नये.

तानपुरा बघायचाच असेल तर स्पेक्ट्रोग्रामचं, म्हणजे आवाजातल्या फ्रिक्वेन्सी पडद्यावर दाखवणारं, अ‍ॅप घ्या, फुकट मिळतं. ते स्वरांची बेरीज न करता त्यांना खाली-वर पसरून ठेवतं, म्हणून कानासारखं वागतं. खर्जाची (सगळ्यात खालच्या सा ची) तार छेडा, एकाच तारेतून निघणाऱ्या वरवरच्या स्वरांची एका रेघेवर दुसरी, तिसरी अशी शिडी उभी राहते. आता जवारीचा दोरा (तार आणि ती जिच्यावर टेकते त्या घोडीच्या मध्ये घालतात तो) घोडीवर केसभर सरकवा. दोरा चुकीच्या जागी असेल तर खालच्या चार-पाच रेघा ठळक आणि वर सगळा अंधार, आवाजही बद्द, आणि जागा सापडली की वरच्या रेघा एकदम उजळतात, तेव्हाच कानाला ती झणकार येते. शास्त्रज्ञ सी. व्ही. रामन यांनी 1921 मध्ये जवारीवर लिहिलं होतं ते हेच, की तार ज्या जागी छेडली तिथून निघायला नको तेही वरचे स्वर या घोडीमुळे निघतात. मी दोरा अजूनही कानानेच लावते, मोबाईल बाजूला ठेवून खात्री करते एवढंच.

आणि त्या अ‍ॅपमधले रंग कुठला स्वर ते सांगत नाहीत, आवाज किती मोठा एवढंच दाखवतात, सेटिंगमध्ये जाऊन बदलता येतात. मी काळा-पांढरा ठेवलाय, बारीक रेघा त्यात जास्त नीट दिसतात.