टाटओर्ट अपडेट: ग्रिड बंद केला आणि बेस धावला

मंडळी, बेस गिटारचा भाग बसला एकदाचा! 'टाटओर्ट' या जर्मन गुन्हेमालिकेचं शीर्षकसंगीत मी स्वतः वाजवून पुन्हा बनवतोय; मागच्या पोस्टमध्ये ते जिथे अडलं होतं, तिथून गाडी सुटली. सूर बरोबर, टेम्पो बरोबर, तरी सगळं मोबाइलच्या रिंगटोनसारखं वाजत होतं.

कारण ड्रम्समध्ये होतं. धूनेचा संगीतकार क्लाउस डोल्डिंगर हा मुळात जॅझचा सॅक्सोफोनवाला. १९७० साली त्याने ही धून केली तेव्हा ड्रम्सवर होता उडो लिंडेनबर्ग, पुढे जर्मन रॉकमधलं केवढं मोठं नाव झालेला. अशी माणसं क्लिकला, म्हणजे मेट्रोनोमच्या टिकटिकीला, चिकटून वाजवत नाहीत. शंभर टक्के क्वांटाइझ केलं, म्हणजे प्रत्येक ठोका कॉम्प्युटरने नेमक्या मात्रेवर बसवला, की ही धून मरते, आणि ह्युमनाइझच्या बटणाने तर आणखी बिघडते. ते बटण ठोके कसेही इकडेतिकडे सरकवतं. चांगला ड्रमर मात्र ठरवून, दर वेळी त्याच बाजूला रेलतो.

मग रीपर या रेकॉर्डिंगच्या सॉफ्टवेअरमध्ये ग्रिड (ठोके जिथे आपोआप चिकटतात त्या रेषा) बंद, मेट्रोनोम बंद. पॅडवर किक (पायाने वाजवायचा मोठा ड्रम), स्नेअर, हायहॅट एका दमात हाताने वाजवले आणि फक्त किक कानात ठेवून वरून बेस घेतला. मूळ टायटल्स आवाज बंद करून शेजारी लावली. डोळ्यांवर नेमबाजीचं वर्तुळ येतं, मग ते पळणारे पाय... आणि माझा बेस त्या पायांबरोबर पळाला! तेवढा तुकडा लूपवर टाकून बराच वेळ नुसता ऐकत बसलो.

ब्रास अजून रडतंय. सेलमध्ये घेतलेल्या रेकॉर्डेड वाद्यांच्या लायब्ररीतला एकटा ट्रम्पेट झकास आहे, पण तीन एकत्र केले की प्लास्टिक. तिच्यावर पैसे घालू नका. त्यापेक्षा एक खरा वादक गाठा आणि त्याच्याकडूनच तीन टेक घ्या.

यानंतर 'दास बोट' या सिनेमाचं संगीत करायचं ठरलं होतं, पण लिहिता लिहिता बेत बदलतोय. एआरडी या जर्मन वाहिनीवर १९६७ साली रंगीत प्रक्षेपण सुरू झालं, त्याची छोटी सिग्नेचर ट्यूनही डोल्डिंगरचीच. ब्रासच्या तालमीला ती उत्तम. तिच्यानंतर झेडडीएफ या दुसऱ्या जर्मन वाहिनीची 'आइन फाल फ्यूर त्स्वाय'. ही मालिका १९८१ सालची, 'दास बोट'ही त्याच वर्षीचा. एकीकडे दर भागाला वाजणारी छोटी धून, दुसरीकडे पाणबुडीतल्या अडीच तासांच्या कोंडमाऱ्याचं संगीत, आणि दोन्हीकडे माणूस एकच. मला त्याचं हेच सगळ्यात भारी वाटतं.

आणि हो, बेसला राउंडवाउंड तारांचा चरचरीतपणा नकोसा होतोय. गुळगुळीत फ्लॅटवाउंड तारा लावून पुन्हा टेक घेईन म्हणतो. कुणाकडे वापरलेला सेट पडून असेल तर सांगा, नव्या तारांपेक्षा जुन्याच बऱ्या.