आलाप कुठे कापायचा?

मणी कौल यांच्या ‘ध्रुपद’ (१९८२) या माहितीपटात झिया मोहिउद्दीन डागर यांची रुद्रवीणा आहे, झिया फरिदुद्दीन डागर यांचं गाणं आहे, आणि कॅमेऱ्याला कुठेही घाई नाही. कौल स्वतः डागरांकडे शिकले होते. सूर कुठे विसावतो हे ज्याला ऐकू येतं, त्यालाच संकलनात तो कुठे कापावा हे कळतं.

ख्यालात निदान सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा, हाताशी असते. विलंबित एकतालाचं एकच आवर्तन पाऊण मिनिट खातं, तरी मुखडा (बंदिशीची सुरुवातीची ओळ) घेऊन समेवर आलं की कापता येतं. आलापाला ताल नाही. तिथे मोहरा, म्हणजे टप्पा संपवणारी ठरलेली सुरावट, येऊन गायक षड्जावर (‘सा’वर) थांबतो आणि श्वास घेतो, तीच जागा. श्वास मात्र कापू नका, त्याच्यानंतर कापा.

खरी गोम तानपुऱ्यात आहे. दोन टेक जोडले की गळा जुळतो, पण चार तारांच्या ‘प सा सा सा’ या क्रमातला ‘प’ लागोपाठ दोनदा वाजतो किंवा एखादा ‘सा’ गळतो, आणि जाणकाराचा कान लगेच अडखळतो. म्हणून गाणं सुरू होण्याआधी त्याच खोलीत, त्याच माइकवर पाच मिनिटं नुसता तानपुरा घ्या. जोड लपवायला हाच थर लागतो. पंखा, फ्रिज बंद. दुसऱ्या दिवशी पट्टी ट्यूनरवर तपासा. एसीच्या खोलीतून बाहेर काढलेल्या तारा उतरतात किंवा चढतात, आणि काळी एक (पेटीची पहिली काळी पट्टी) ही काळी एक राहत नाही. रियाजात गायक स्वतःच तानपुरा छेडत असेल तर आवाज कापूच नका. दोन कॅमेरे लावा, चित्र बदला, आवाज अखंड ठेवा.

चित्रात सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूबलाइट लुकलुकत नाही. शटर जास्त वेगवान ठेवलं, तर जवळून घेतलेल्या वीणेच्या तारा सापासारख्या वळवळताना दिसतात, कारण डिजिटल सेन्सर चित्र ओळीओळीने टिपतो. १/५० वर तार धूसर होते, आणि डोळ्याला कंप पावणारी तार तशीच दिसते.

हाताचा क्लोजअप किमान पूर्ण मींडभर, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर न तुटता जाईपर्यंत, धरा. बोट वीणेच्या दांडीवरच्या पडद्यावर दाबून तार बाजूला ओढतं, सूर चढतो, मग हळूहळू उतरतो. तो उतरेपर्यंत कॅमेरा हलवू नका.